कॅमेऱ्याची मालकी कोणाची? ऑस्कर मिशोच्या वाटचालीतून आपण काय घ्यावे

एखाद्या चित्रपटात भिंतीवर बाबासाहेबांचा फोटो दिसला की आपल्याकडे दोन दिवस आनंदाचे जातात. आपल्या माणसाचे पात्र पुन्हा एकदा केविलवाणे, मार खाणारे, कोणीतरी येऊन उद्धार करील म्हणून वाट पाहणारे असे दाखवले की चार दिवस संतापाचे जातात. आनंदही खरा आणि संतापही खरा. पण दोन्ही वेळी आपण प्रेक्षकाच्या खुर्चीतच बसलेले असतो. पडद्यावर कोण दिसले यावर आपण भांडतो. कॅमेरा कोणाचा, थिएटर कोणाचे, तिकिटाचा पैसा कोणाच्या खिशात गेला, यावर मात्र आपल्यात फारसे बोलले जात नाही.

हा प्रश्न शंभर वर्षांपूर्वी एका माणसाने स्वतःपुरता सोडवून दाखवला होता. तो सोडवताना तो कुठे जिंकला आणि कुठे हरला, दोन्ही आपल्या उपयोगाचे आहे. त्या माणसाचे नाव ऑस्कर मिशो. अमेरिकेतला काळा लेखक आणि दिग्दर्शक. १९१९ ते १९४८ या काळात त्याने सुमारे चाळीस चित्रपट काढले. हॉलिवूडच्या एकाही मोठ्या स्टुडिओच्या दारात तो नोकर म्हणून उभा राहिला नाही.

अमेरिकेच्या इतिहासाशी आपल्याला काय करायचे, असे कोणी विचारील. त्यांना एवढेच सांगतो की हे नाते आम्ही आज जोडत नाही. जोतीराव फुल्यांनी १८७३ साली 'गुलामगिरी' अर्पण केली ती गुलामांना मुक्त करणाऱ्या अमेरिकेतल्या सदाचारी लोकांना. बाबासाहेब १९१३ ते १९१६ या काळात न्यूयॉर्कच्या कोलंबिया विद्यापीठात शिकले, आणि ते विद्यापीठ हार्लेम या काळ्यांच्या वस्तीला लागूनच आहे. १९४६ साली बाबासाहेबांनी काळ्यांचे नेते डब्ल्यू. ई. बी. ड्यू बॉइस यांना पत्र लिहिले आणि त्यांचे उत्तरही आले. १९७२ साली मुंबईत दलित पँथर उभी राहिली तेव्हा नाव कुठून घेतले हे सांगायला नको. तेव्हा ऑस्कर मिशो हा आपल्या भावकीतलाच माणूस आहे असे समजून पुढे वाचा.

नांगर, पुस्तक आणि पायपीट

मिशोचा जन्म २ जानेवारी १८८४ चा, इलिनॉय राज्यातल्या मेट्रोपोलिस गावाजवळचा. वडील जन्माने गुलाम होते. घरात पुष्कळ भावंडे, शेतीवर पोट. सतराव्या वर्षी तो शिकागोला गेला. कत्तलखान्यात, पोलादाच्या कारखान्यात मिळेल ते काम केले, लोकांच्या बुटांना पॉलिश केले. मग पुलमन कंपनीच्या झोपण्याच्या डब्यांवर पोर्टर झाला. त्या काळी काळ्या माणसाला मिळू शकणाऱ्या बऱ्या नोकऱ्यांपैकी ही एक. गोऱ्या प्रवाशांच्या गाद्या घालायच्या, बॅगा उचलायच्या आणि हसून बक्षिसी घ्यायची. मिशोने त्या नोकरीत तीन गोष्टी कमावल्या. सगळा देश पाहिला, पैसा साठवला, आणि पैसेवाले लोक धंद्याच्या गोष्टी कशा बोलतात ते कान उघडे ठेवून ऐकले.

१९०५ च्या सुमारास त्याने साउथ डकोटामध्ये ग्रेगरी परगण्यात जमीन घेतली. होमस्टेड कायद्याने एका माणसाला १६० एकर मिळत. अट एकच, जमीन कसायची आणि तिथेच राहायचे. आजूबाजूला सगळे गोरे शेतकरी. हा एकटा काळा तरुण नवा नांगर घेऊन माळरान फोडत होता. शेजारी पैजा लावत की हा पळून जाणार. तो पळाला नाही.

१९१० साली त्याने शिकागोच्या एका धर्मोपदेशकाच्या मुलीशी लग्न केले. ते टिकले नाही. त्याच्या मते सासऱ्याच्या दांभिकपणाने आणि पैशाच्या हव्यासाने संसार मोडला. पाठोपाठ दुष्काळ पडला, कर्ज झाले, जमीन हातची गेली. असा माणूस दारूला लागतो किंवा परत शहरात नोकरी शोधतो. मिशोने पुस्तक लिहायला घेतले.

१९१३ साली 'द कॉन्क्वेस्ट' हे त्याचे पहिले पुस्तक आले. लेखकाचे नाव छापले नव्हते. नायकाचे नाव मात्र ऑस्कर डेव्हरो, म्हणजे स्वतःचीच कहाणी थोडे नाव बदलून. छपाईचा खर्च त्याचा, विक्रीही त्याचीच. आधी शेजारच्या गोऱ्या शेतकऱ्यांच्या दारात, मग दक्षिणेकडच्या राज्यांत काळ्यांच्या घरोघर फिरून त्याने पुस्तके विकली. १९१५ मध्ये 'द फोर्ज्ड नोट', १९१७ मध्ये 'द होमस्टेडर'. यासाठी त्याने वेस्टर्न बुक सप्लाय कंपनी नावाने स्वतःचा व्यवसाय सुरू केला.

मिशोचा खरा पाया इथे आहे. चित्रपटात येण्याआधी त्याच्याकडे कॅमेरा नव्हता, प्रशिक्षण नव्हते, ओळखी नव्हत्या. त्याच्याकडे दारोदार फिरून जमवलेला वाचक होता. कोणत्या गावात कोण पुस्तक घेतो, कोण उधार मागतो, कोणाला आपली गोष्ट ऐकायची आहे, हे त्याला पाठ होते. पुढे सगळे भांडवल यातूनच आले.

'पुस्तक द्या, दिग्दर्शन आम्ही करतो'

१९१८ साली लिंकन मोशन पिक्चर कंपनीने 'द होमस्टेडर'वर चित्रपट काढण्याची तयारी दाखवली. ही कंपनी काळ्यांचीच होती. नोबल जॉन्सन आणि जॉर्ज जॉन्सन हे दोन भाऊ ती चालवत. नोबल हा लॉस एंजेलिसमध्ये युनिव्हर्सलच्या चित्रपटांत कामे करणारा नट, तर जॉर्ज ओमाहाच्या टपाल खात्यात नोकरीला. म्हणजे व्यवहार आपल्याच माणसांशी होता. तरीही मिशो अडून बसला. त्याची अट अशी की चित्रीकरण माझ्या देखरेखीखाली व्हायचे आणि चित्रपट मोठ्या लांबीचा व्हायचा. सिनेमाचा अनुभव शून्य असलेल्या माणसाच्या हाती सूत्रे द्यायला जॉन्सन बंधू तयार होईनात. बोलणी फिसकटली.

मिशोने मग स्वतःचीच मिशो फिल्म अँड बुक कंपनी काढली. सू सिटीच्या आसपासच्या ज्या शेतकऱ्यांनी आणि व्यापाऱ्यांनी त्याची पुस्तके घेतली होती, त्यांच्याकडे तो पुन्हा गेला. या वेळी त्याने पुस्तकाऐवजी ७५ ते १०० डॉलरला एक असे कंपनीचे समभाग विकले. घेणाऱ्यांत गोरे शेतकरी पुष्कळ होते. त्या पैशातून आठ रिळांचा 'द होमस्टेडर' तयार झाला आणि फेब्रुवारी १९१९ मध्ये शिकागोत काळ्या सैनिकांच्या आठव्या रेजिमेंटच्या शस्त्रागार सभागृहात त्याचा पहिला खेळ झाला. आफ्रिकन-अमेरिकन माणसाने लिहिलेला, काढलेला आणि दिग्दर्शित केलेला हा पहिला पूर्ण लांबीचा चित्रपट मानला जातो. एव्हलिन प्रीअर ही रंगभूमीवरची गुणी अभिनेत्री याच चित्रपटातून पडद्यावर आली.

पहिल्याच चित्रपटाला विरोध झाला, तोही आपल्याच माणसांकडून. शिकागोतल्या काही काळ्या धर्मोपदेशकांनी हरकत घेतली, कारण चित्रपटात धर्मोपदेशकाचे पात्र ढोंगी होते. मिशोने माघार घेतली नाही. उलट या वादाचीच जाहिरात केली.

१९१५ : शत्रूने सिनेमाची ताकद आधी ओळखली

मिशो कशाच्या विरोधात उभा होता हे कळायला चार वर्षे मागे जावे लागेल. १९१५ साली डी. डब्ल्यू. ग्रिफिथचा 'द बर्थ ऑफ अ नेशन' आला. सिनेमाच्या तंत्राच्या दृष्टीने आजही त्याचे कौतुक होते. त्यात काय होते? काळा माणूस म्हणजे गोऱ्या स्त्रीवर टपलेला पशू, आणि कू क्लक्स क्लान म्हणजे तिला वाचवणारे शूर वीर. काळ्यांच्या मुख्य भूमिका गोऱ्या नटांनी तोंडाला काळे फासून केल्या. राष्ट्राध्यक्ष वुड्रो विल्सन यांच्यासाठी व्हाइट हाउसमध्ये त्याचा खेळ झाला. एनएएसीपी या संघटनेने गावोगाव निदर्शने केली. त्याच वर्षाच्या अखेरीस, मोडकळीस गेलेली क्लान संघटना जॉर्जियातल्या स्टोन माउंटनवर पुन्हा उभी राहिली.

मार्च १९१५ मध्ये हा चित्रपट न्यूयॉर्कला लागला तेव्हा त्याच शहरात कोलंबिया विद्यापीठात भीमराव आंबेडकर नावाचा तेवीस वर्षांचा विद्यार्थी एम. ए. च्या परीक्षेची तयारी करत होता. पुढच्या वर्षी, मे १९१६ मध्ये, त्यानेच जातीची उत्पत्ती आणि यंत्रणा उलगडणारा निबंध तिथे वाचला. एका शहरात एकाच काळात वर्चस्ववाद आपली पुराणकथा नव्या यंत्रावर चढवत होता आणि वर्चस्वाची मुळे खणणारा विचारही आकार घेत होता.

आणखी एक तारीख. फेब्रुवारी १९१५ मध्येच अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने निकाल दिला की चित्रपट हा निव्वळ धंदा आहे, त्याला अभिव्यक्तिस्वातंत्र्याचे संरक्षण नाही. हा निकाल १९५२ पर्यंत टिकला, म्हणजे मिशोच्या मृत्यूनंतरपर्यंत. त्याने काढलेला प्रत्येक चित्रपट राज्याराज्यांच्या आणि शहराशहरांच्या सेन्सॉर मंडळांच्या कात्रीखालून गेला. पोलीस आणि सेन्सॉर गोऱ्यांचे असताना काळ्या माणसाने लिंचिंगवर चित्रपट काढणे म्हणजे काय, याची कल्पना करा.

जानेवारी १९२० : दोन मुके बोलू लागले

१९१९ च्या उन्हाळ्याला अमेरिकेत 'रेड समर' म्हणतात. पहिल्या महायुद्धात लढून आलेले काळे सैनिक माणूस म्हणून वागणूक मागू लागले होते आणि त्याचे उत्तर दंगलींनी दिले जात होते. जुलैमध्ये शिकागोत मिशिगन सरोवराच्या काठी पोहणारा एक काळा मुलगा गोऱ्यांच्या हद्दीकडे वाहत गेला. दगडफेक झाली, मुलगा बुडून मेला. शहर पेटले. ३८ माणसे मेली, त्यांत २३ काळे होते. पाण्यावरून माणूस मारला जातो हे आपल्याला नव्याने सांगावे लागत नाही.

त्याच शिकागोत, दंगलीला सहा महिने होत नाहीत तोच, १२ जानेवारी १९२० रोजी मिशोने 'विदिन अवर गेट्स' हा दुसरा चित्रपट प्रदर्शित केला. दंगल पुन्हा उसळेल म्हणून सेन्सॉर मंडळाने आधी नकार दिला होता. विरोध करणाऱ्यांत गोऱ्यांबरोबर काही काळेही होते. समर्थकांचे म्हणणे होते की लिंचिंग खरे आहे तर ते दाखवायला भ्यायचे कशाला? शेवटी काटछाट करून परवानगी मिळाली.

गोष्ट सिल्व्हिया लँड्री या तरुण शिक्षिकेची. दक्षिणेतल्या काळ्या मुलांच्या शाळेसाठी पैसे गोळा करायला ती उत्तरेत येते. शेवटाकडे तिचा भूतकाळ उलगडतो. तिला वाढवणारा जॅस्पर लँड्री हा वाट्याने शेती करणारा माणूस. सिल्व्हिया शिकलेली असल्याने हिशेब ठेवते, आणि तो हिशेब घेऊन तो जमीनदाराकडे आपल्या हक्काचे पैसे मागायला जातो. तिथे जमीनदाराचा खून होतो. खून करणारा दुसराच, एक नाडलेला गोरा. पण आळ येतो लँड्रीवर. झुंड त्याला आणि त्याच्या बायकोला फासावर लटकवते. त्याच वेळी जमीनदाराचा भाऊ घरात एकट्या सापडलेल्या सिल्व्हियावर हात टाकतो. ग्रिफिथच्या चित्रपटात गोऱ्या स्त्रीला वाचवायला घोडदळ येते. मिशोने तेच चित्र उलटे केले. हल्ला करणारा गोरा आहे, स्त्री काळी आहे, आणि तिच्यासाठी कोणाचेही घोडदळ येत नाही. तिच्या अंगावरच्या व्रणावरून त्या माणसाला कळते की ती त्याचीच मुलगी आहे. बलात्काराचा भयगंड कोणी पसरवला आणि पिढ्यान्‌पिढ्या बलात्कार कोणी केले, याचे एवढे उघड उत्तर तोपर्यंत अमेरिकन पडद्यावर कोणी दिले नव्हते.

ज्यांना खैरलांजी आठवते त्यांना लँड्री कुटुंबाची गोष्ट परकी वाटणार नाही. जमीन, हिशेब, शिकलेली मुलगी आणि झुंड, क्रम ओळखीचा आहे.

या चित्रपटात आणखी दोन पात्रे आहेत. एक इफ्रेम, गोऱ्या मालकाचा चाकर. लँड्रीबद्दल तोच धावत जाऊन सांगतो. त्याला वाटते, गोरे लोक आपल्याला आपला मानतात. लँड्री सापडायला उशीर होतो तेव्हा कंटाळलेली झुंड आधी त्यालाच लटकवते. दुसरा ओल्ड नेड हा काळा धर्मोपदेशक. आपल्या लोकांना तो सांगतो की शिक्षण, मतदान, जमीन गोऱ्यांकडे राहू द्या, आपण स्वर्गात जाऊ. गोऱ्यांकडे जाऊन हेच बोलून दाखवतो आणि लाथ खाऊन हसतो. दार बंद झाल्यावर मात्र त्याचा चेहरा पडतो, आपण काय विकले हे त्याला ठाऊक आहे. आपल्या राजकारणात नेड आणि इफ्रेम कोण कोण आहेत याची यादी वाचकांनी स्वतः करावी. आम्ही नावे घेतली तर लेख संपणार नाही.

आता कॅलेंडर पाहा. १२ जानेवारी १९२० ला शिकागोत 'विदिन अवर गेट्स'. ३१ जानेवारी १९२० ला मुंबईत 'मूकनायक'चा पहिला अंक. शाहू महाराजांनी अडीच हजार रुपये दिले म्हणून तो निघू शकला. पैसे घेऊन जाहिरात छापायलासुद्धा 'केसरी'ने नकार दिला होता. या दोन घटनांचा एकमेकांशी प्रत्यक्ष संबंध नव्हता. कारण मात्र एकच होते. दुसऱ्याच्या छापखान्यात आणि दुसऱ्याच्या पडद्यावर आपली बाजू कधीच मांडली जात नाही, ती मांडायला यंत्र आपल्या मालकीचे लागते. हे दोन्ही ठिकाणच्या माणसांनी एकाच महिन्यात सिद्ध केले.

धंदा कसा चालला

मिशोला नुसता कलावंत म्हणून पाहिले तर तो अर्धाच कळतो. त्या काळी काळ्यांसाठी निघणाऱ्या चित्रपटांना 'रेस फिल्म' म्हणत. काळ्या वस्त्यांतली थिएटरे आणि गोऱ्यांच्या थिएटरांतले मध्यरात्रीचे खेळ एवढाच बाजार. मिशो मोजक्या प्रती काढायचा आणि रिळे बरोबर घेऊन स्वतः गावोगाव फिरायचा. थिएटरमालकाला चालू चित्रपट द्यायचा आणि पुढच्या चित्रपटाची छायाचित्रे, कथा दाखवून आगाऊ रक्कम घ्यायचा. त्या पैशातून पुढचे चित्रीकरण. ओळखीच्यांच्या घरात चित्रीकरण करायचा, एकदा घेतलेले दृश्य शक्यतो पुन्हा घ्यायचा नाही, कारण फिल्म महाग होती. त्याच्या चित्रपटांत प्रकाश कमी-जास्त होतो, नट अडखळतात, सांधे दिसतात. समीक्षक यावर हसले. हसणाऱ्यांनी त्याचा खर्चाचा कागद पाहिला नव्हता.

ही पद्धत आपल्याला अनोळखी नाही. भीमराव कर्डकांचा जलसा याच रीतीने गावोगाव गेला. स्टेज मिळेल तिथे, कंदिलाच्या उजेडात, लोकांनी दिलेल्या भाकरीवर. जलसा तंत्रात कमी पडला म्हणून तो कमी दर्जाचा असे म्हणणाऱ्याला आपण काय उत्तर देतो? तेच उत्तर मिशोलाही लागू आहे.

१९२० सालीच त्याने क्लानवर 'द सिम्बॉल ऑफ द अनकॉन्कर्ड' काढला. १९२५ साली 'बॉडी अँड सोल' आला. त्यात पॉल रॉबसन प्रथमच पडद्यावर दिसला, पुढे जगभर गाजलेला गायक, नट आणि लढवय्या. रॉबसनने दुहेरी भूमिका केली, त्यांतली एक भक्तांना लुबाडणाऱ्या ढोंगी धर्मोपदेशकाची. न्यूयॉर्कच्या सेन्सॉरने धर्माचा अपमान म्हणून अडवले, मिशोला चित्रपट पुन्हा कापून जोडावा लागला.

१९२८ साली त्याने दिवाळे जाहीर केले. बोलपटाचा काळ आला तेव्हा ध्वनियंत्रणेचा खर्च छोट्या कंपन्यांना झेपेना, काळ्यांच्या मालकीच्या बहुतेक कंपन्या तोवर बंदही पडल्या होत्या. मिशो पुन्हा उभा राहिला. १९३१ मध्ये त्याने 'द एक्झाइल' हा बोलपट काढला. मात्र या वेळी पैसा हार्लेममधल्या गोऱ्या थिएटरमालकांचा होता. नाव त्याचे राहिले, तिजोरीची किल्ली दुसऱ्याकडे गेली. पत्नी आणि अभिनेत्री ॲलिस बी. रसेल हिच्या साथीने तो काम करत राहिला. चाळिशीच्या दशकात पुन्हा कादंबऱ्या लिहिल्या, पुन्हा स्वतः विकल्या. १९४८ साली 'द बिट्रेयल' हा तीन तासांहून मोठा शेवटचा चित्रपट काढला, तो पडला. २५ मार्च १९५१ रोजी नॉर्थ कॅरोलायनात शार्लट येथे तो वारला. कॅन्ससमधल्या ग्रेट बेंड येथे त्याला पुरले.

आरती नको, हिशेब हवा

आपल्याला व्यक्तिपूजा नको हे बाबासाहेबांनी बजावले आहे. म्हणून मिशोच्या मर्यादाही स्पष्ट मांडतो.

पहिली, जमिनीची. त्याने जी जमीन कसली ती मुळात रोझबडच्या लकोटा आदिवासींची. सरकारने त्यांच्या राखीव प्रदेशातून ती काढून वसाहतवाल्यांना खुली केली. गुलामाच्या मुलाला जमीन मिळाली याचा आनंद मानताना ती कोणाकडून हिसकावली हे विसरायचे का? एका पीडिताची मुक्ती दुसऱ्या पीडिताच्या विस्थापनावर उभी राहते तेव्हा व्यवस्था दोघांनाही हसत असते. मिशोने याकडे डोळेझाक केली.

दुसरी, विचाराची. त्याचे पहिले पुस्तक बुकर टी. वॉशिंग्टन यांना अर्पण होते, आणि आयुष्यभर तो त्याच वाटेचा राहिला. मेहनत करा, पैसा कमवा, सन्मान आपोआप मिळेल. जो मागे राहिला तो स्वतःच्या आळसाने, असे तो अनेकदा आपल्याच लोकांना सुनावतो. आत्मटीका आणि आपल्या लोकांविषयी तुच्छता यांच्यातली रेघ त्याने कधीकधी ओलांडली. १९३८ साली 'गॉड्स स्टेप चिल्ड्रन'विरुद्ध हार्लेममध्ये निदर्शने झाली ती यासाठीच. त्या चित्रपटात काळ्यांमध्येच रंगाच्या छटांवरून भेद केला आहे, असा आरोप झाला आणि चित्रपट थिएटरातून काढावा लागला. त्याच्या नायक-नायिका बहुधा उजळ वर्णाच्या असत हेही खरे. वर्चस्ववादाचा सौंदर्याचा मापदंड शोषितांच्या डोळ्यांत किती खोल शिरतो, याचा हा पुरावा. गोऱ्या रंगाच्या मलमाची जाहिरात आपल्या वस्तीतही चालते, तेव्हा बोट दाखवताना जपून.

तिसरी मर्यादा आम्हाला सर्वांत मोठी वाटते. मिशोने कंपनी काढली पण संस्था उभारली नाही. त्याच्या हाताखाली दिग्दर्शकांची दुसरी फळी तयार झाली नाही. तो गेला आणि दुकान बंद झाले. चित्रपटांची नीट जपणूक झाली नाही, बहुतेक आज नष्ट आहेत. 'द होमस्टेडर' कायमचा गेला. 'विदिन अवर गेट्स' वाचला तो केवळ एक प्रत 'ला नेग्रा' नावाने स्पेनच्या चित्रपट संग्रहालयात पडून होती म्हणून. १९९३ साली अमेरिकेच्या लायब्ररी ऑफ काँग्रेसने तिची डागडुजी केली, तेव्हा स्पॅनिश पाट्यांचे पुन्हा इंग्रजी भाषांतर करावे लागले. 'द सिम्बॉल ऑफ द अनकॉन्कर्ड' बेल्जियममध्ये सापडला. आपल्या लेखकाचे शब्द परक्या भाषेतून परत मागावे लागणे याहून मोठी शोकांतिका कोणती? सन्मान पुढे आले. १९८७ मध्ये हॉलिवूडच्या फुटपाथवर नावाचा तारा बसला, २०१० मध्ये टपाल तिकीट निघाले. चित्रपट मात्र परत आले नाहीत.

मग आपण काय करायचे?

मिशोचे पहिले पुस्तक आले त्याच १९१३ साली दादासाहेब फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' आला. मराठी माणसाने भारतीय सिनेमा सुरू केला याचा अभिमान आपल्याला शाळेपासून शिकवला जातो. पण त्या मराठी माणसांत आपण नव्हतो. 'फँड्री' यायला २०१३ साल उजाडले. मधली शंभर वर्षे आपल्याकडे गोष्टी नव्हत्या का? लेखक होते, शाहीर होते, कवी होते, नट होते. यंत्र आपले नव्हते.

आज परिस्थिती बदलली आहे. तरुणांच्या खिशातल्या फोनवर मिशोच्या कॅमेऱ्यापेक्षा चांगले चित्र निघते. म्हणून यंत्र नाही ही सबब संपली. उरल्या त्या तीन गोष्टी, आणि त्या तिन्ही मिशोच्या आयुष्यात दिसतात.

एक, प्रेक्षक आधी जमवा. मिशोचे भागधारक त्याचे जुने वाचक होते. ६ डिसेंबरला चैत्यभूमीवर आणि धम्मचक्र प्रवर्तन दिनाला दीक्षाभूमीवर लाखो लोक पुस्तके विकत घेतात. जगातला असा वाचक कोणत्या चळवळीला लाभला आहे? तो वाचक आपल्या तरुण दिग्दर्शकाचा भागधारक का होऊ नये? शंभर-दोनशे रुपयांच्या वर्गणीतून विहारे उभी राहिली, तशी एखादी सहकारी चित्रपट संस्था उभी राहू शकते. विहाराच्या सभागृहात महिन्यातून एक दिवस पडदा लागू शकतो.

दोन, दुसऱ्यासाठी दार उघडे ठेवा. इथे तमिळनाडूकडे पाहा. पा. रंजित यांनी स्वतःच्या यशावर न थांबता नीलम प्रॉडक्शन्स उभी केली, आणि तिच्यातून मारी सेल्वराज यांचा पहिला चित्रपट 'परियेरुम पेरुमाळ' २०१८ मध्ये आला. मिशोला जे जमले नाही ते इथे झाले. एक माणूस वर गेला की समाज वर गेला असे होत नाही. त्या माणसाने शिडी खाली सोडली तर होते. संघटित व्हा हा आदेश मोर्चासाठी आहे तसाच निर्मितीसाठीही आहे.

तीन, जपून ठेवा. जलशांची जुनी ध्वनिमुद्रणे, नामांतर आंदोलनाच्या काळातले फोटो, आजच्या पोरांनी काढलेल्या लघुपटांच्या मूळ फाइली कुठे आहेत? कोणाच्या तरी जुन्या हार्डडिस्कवर, कोणाच्या तरी पत्र्याच्या पेटीत. परदेशी कंपनीच्या व्हिडिओ चॅनेलवर टाकले म्हणजे जपले असे समजू नका. ते खाते ज्याच्या मालकीचे, त्याच्या मर्जीवर आपला इतिहास टांगलेला आहे. प्रत्येक जिल्ह्यात दोन कार्यकर्त्यांनी हे एकच काम अंगावर घेतले तरी पुष्कळ आहे.

पुढच्या वेळी एखाद्या चित्रपटावर भांडायला बसाल तेव्हा जरूर भांडा. पण त्या भांडणात खर्च होणाऱ्या वेळेतला अर्धा वेळ आपल्या गावातल्या, कथा लिहून ठेवलेल्या आणि पैशावाचून थांबलेल्या पोराला किंवा पोरीला द्या. तिची कथा वाचा. तिच्या पहिल्या चित्रपटाचे पहिले शंभर रुपये तुमचे असू द्या. मिशोला सू सिटीच्या शेतकऱ्यांकडे जावे लागले. आपल्या लेकरांना दुसऱ्याच्या दारात जावे लागू नये, एवढे तरी आपल्या हातात आहे.

जय भीम!